मीटर, लाईट चालू. रेस दिली की मागचं चाक नुसतं थरथरतं. वायरिंग कुठून तपासायची?

अर्धीवायर:

६० व्होल्टची ई-स्कूटर आहे. १००० वॅटची हब मोटर, १६ सिरीजचा लिथियम पॅक. चावी फिरवली की मीटर उजळतो; हेडलाईट, इंडिकेटर, हॉर्न सगळं ठीक. पण रेस दिली की मागचं चाक जागच्या जागी थरथरतं, गुरगुरल्यासारखा आवाज येतो, दोन-चार इंच सरकून अडतं. दोन पावलं ढकलून रेस दिली तर बहुतेक वेळा उचलते आणि मग सपाट रस्त्यावर नीट धावते. थांबली की पुन्हा तेच. प्रेशरच्या पाण्याने धुतल्यापासून हे सुरू झालंय.

गॅरेजमध्ये मीटर न लावताच "कंट्रोलर गेला, मोटरही काढावी लागेल" असं सांगितलं. मल्टिमीटर आहे आणि वापरता येतो. डिकीचा डबा काढून पाहिलं तर पिवळी, हिरवी, निळी अशा तीन जाड वायरी, पुन्हा त्याच रंगांच्या तीन बारीक, सोबत लाल-काळी, आणि पाच-सहा कपलर आहेत. दोन पांढऱ्या वायरी कशालाच जोडलेल्या नाहीत. त्या निसटल्यात का? कोणती वायर कशाची आणि तपासायचा क्रम काय, एवढं कळलं तरी पुरे.

ओहमकार:

पांढऱ्या वायरी तशाच राहू द्या, निसटलेल्या नाहीत. त्यांच्याबद्दल नंतर.

वायरी रंगाने ओळखायला गेलात तर फसाल, कारण रंगांना कुठलाही नियम नाही. व्होल्टेजने ओळखा. या गाडीत तीन वेगवेगळी व्होल्टेज फिरतात आणि प्रत्येकाचं काम वेगळं आहे.

पहिलं, पॅकचं पूर्ण व्होल्टेज. बॅटरीतून एमसीबी (मेन लाईन तोडणारा स्विच), तिथून जाड लाल-काळी कंट्रोलरला. याच लाल वायरीची एक बारीक फांदी चावीच्या लॉकमधून फिरून कंट्रोलरला परत येते. ही लॉक वायर. तिच्यातून मोटरचा करंट जात नाही, कंट्रोलरला जागं करणं एवढंच तिचं काम. १६ सिरीजचा पॅक पूर्ण भरलेला असेल तर इथे ६७.२ व्होल्ट दिसतील.

दुसरं, १२ व्होल्ट. कन्व्हर्टर नावाची छोटी डबी असते, बहुधा तीन वायरींची: पॅकचा पॉझिटिव्ह आत, १२ बाहेर, आणि काळी दोघांची सामाईक. लाईट, हॉर्न, इंडिकेटर सगळं यावर चालतं.

तिसरं, ५ व्होल्ट. हे कंट्रोलर स्वतःच्या पोटात तयार करतो आणि दोनच ठिकाणी पाठवतो: हँडलमधल्या थ्रॉटलला आणि मोटरमधल्या हॉल सेन्सरना (चाक कुठल्या जागी आहे हे कंट्रोलरला सांगणारे). सगळ्यात नाजूक राज्य हेच, आणि पाण्याचा पहिला फटकाही यालाच बसतो.

आता तुमची लक्षणं याच्यावर ठेवून बघा. लाईट चालू, म्हणजे १२ व्होल्ट ठीक. चाक थरथरतं म्हणजे निदान प्रयत्न करतंय, म्हणजे लॉक वायर ठीक, साइड स्टँडची कळ, ब्रेकची कळ (ब्रेक दाबला की मोटर तोडणारी) आणि पार्किंग मोड आडवे आलेले नाहीत, थ्रॉटलचा सिग्नलही पोचतोय. यातलं एकही तुटलं असतं तर चाक मढ्यासारखं पडून राहिलं असतं. राहिल्या फक्त मोटरकडे जाणाऱ्या आठ वायरी: तीन जाड फेजच्या (यांतूनच मोटरला करंट जातो) आणि पाच बारीक हॉलच्या. आणि त्यांच्या मुळाशी असलेले कंट्रोलरचे मॉसफेट (फेजमध्ये करंट सोडणारे-तोडणारे इलेक्ट्रॉनिक स्विच).

मोजायच्या आधी: मेन स्टँडवर लावा, मागचं चाक अधांतरी हवं. हातातलं घड्याळ, अंगठी काढा. कपलर काढताना-घालताना चावी बंद आणि एमसीबी खाली. चावी बंद केल्याने कंट्रोलरची जाड लाईन तुटत नाही. एमसीबी पाडल्यावरही कंट्रोलरच्या कपॅसिटरमध्ये चार्ज उरतो, म्हणून मीटरने व्होल्टेज उतरल्याची खात्री करूनच जाड टर्मिनलला हात लावा. आणि काळा प्रोब चॅसीवर टेकवू नका. पेट्रोलच्या गाडीची सवय असते, पण बहुतेक ई-स्कूटरमध्ये पॅकचा निगेटिव्ह चॅसीला जोडलेलाच नसतो. तिथे टेकवलंत तर रीडिंग भूत दिसल्यासारखी येतील. काळा प्रोब नेहमी वायरिंगच्या काळ्या वायरीवर.

सगळ्यात आधी बिनमीटरची चाचणी. एमसीबी खाली, चाक हाताने फिरवा. सैल फिरतं, की दर थोड्या अंतरावर कुणी धरल्यासारखं अडतं? अडत असेल तर तिन्ही जाड वायरी कंट्रोलरपासून सोडवा आणि पुन्हा फिरवा. आता सैल झालं तर कंट्रोलरमधला मॉसफेट शॉर्ट. तरीही जडच, तर शॉर्ट मोटरमध्ये किंवा ॲक्सलमधून येणाऱ्या फेजमध्ये. मुळातच सैल होतं तर पुढे हॉलकडे चला.

हॉलचा पाच वायरींचा कपलर न काढता, त्याच्या मागच्या बाजूने, वायर जिथे आत शिरते तिथून प्रोब घाला. टाचणी वापरली तर सोपं जातं, फक्त दोन टाचण्या एकमेकींना टेकू नयेत. चावी चालू. लाल-काळीमध्ये ५ च्या आसपास हवेत. मग काळा प्रोब काळ्यावर ठेवून पिवळी, हिरवी, निळी एकेक करून मोजा आणि चाक हाताने अगदी हळू फिरवा. प्रत्येक वायर ० आणि ५ यांच्यात टकाटक उडी मारायला हवी. मधलंच काही, म्हणजे २ व्होल्ट वगैरे, चालणार नाही.

बल्बवाली टेस्ट लॅम्प इथे अजिबात वापरू नका. बल्ब जेवढा करंट ओढतो तेवढ्यात सेन्सरचा निकाल लागतो.

गतीअवरोधक:

ब्रेकच्या कळीला इतक्या लवकर सोडून देऊ नका. ब्रेक लिव्हरमध्ये पाणी गेलं की कळ अर्धवट चिकटते आणि मोटर तुटक चालते, लक्षण साधारण असंच. दोन्ही लिव्हरचे कपलर काढून रेस देऊन बघा (स्टँडवरच), एका मिनिटाचं काम आहे. ब्रेक न दाबता मागचा लाल दिवा भडक पेटलेला दिसला तर मोजायचीही गरज नाही.

मात्र ब्रेकच्या वायरी जोडताना एक जपा. कंट्रोलरमध्ये ब्रेक कटऑफ दोन प्रकारचा असतो. एकात कळ दाबली की सिग्नल काळ्या वायरीला टेकतो. दुसऱ्यात ब्रेक लाईटचे १२ व्होल्ट कंट्रोलरला कळवतात. पहिल्या प्रकारच्या वायरीला कुणी १२ व्होल्ट दिले तर कंट्रोलर खरोखरच जातो, आणि मग "कंट्रोलर गेला" म्हणणारे बरोबर ठरतात.

ओहमकार:

मान्य. चिकटलेली कळ पूर्ण बंद पाडते, पण फडफडणारी कळ धक्के देते. कपलर काढून बघाच. फक्त ढकलल्यावर उचलते आणि मग नीट धावते, हे ब्रेकच्या कळीत बसत नाही.

अर्धीवायर:

आज मोजलं:

पॅक ६३.४, स्टँडवर रेस देताना ६२.९
कन्व्हर्टर १२.६
थ्रॉटल: लाल-काळी ४.९, सिग्नल रेस सोडलेली असताना ०.८६, पूर्ण पिळल्यावर ३.८
ब्रेकचे दोन्ही कपलर काढले, काही फरक नाही
चाक हाताने सैल फिरतं
हॉल: लाल-काळी ४.९, पिवळी ०/४.९ बदलते, हिरवी ०/४.९ बदलते, निळी कायम ४.९, चाक कितीही फिरवलं तरी

निळीचा सेन्सर जळाला असं समजायचं का? म्हणजे मोटर उघडणं आलं.

फेजवाला:

थांबा, मोटर उघडायची घाई नको. निळी वायर ५ वर अडकणं म्हणजे सेन्सर जळाला असंच नसतं.

हॉल सेन्सर स्वतः ५ व्होल्ट देत नाही. तो फक्त सिग्नलची वायर काळीला टेकवतो किंवा सोडतो. वरचे ५ व्होल्ट कंट्रोलर आपल्या आतल्या रेझिस्टरमधून देतो. म्हणजे वायर मध्येच कुठे तुटली, कपलरमधली पिन मागे सरकली, की सेन्सर ठणठणीत असूनही कंट्रोलरच्या बाजूने ४.९ च दिसणार. उलट निळी कायम ० दाखवत असती तर सेन्सर आतून शॉर्ट किंवा वायर काळीला चिकटली असा अर्थ झाला असता.

हे दोन वेगळे करायला डायोड मोड वापरा. चावी बंद, हॉलचा कपलर काढा, मोटरकडच्या अर्ध्या भागावर काम. लाल प्रोब काळ्या वायरीवर, काळा प्रोब पाळीपाळीने तिन्ही सिग्नलवर (उलट वाटेल, पण असंच). सेन्सरच्या आतल्या डायोडमुळे साधारण ०.५ ते ०.७ दिसतं. आकड्यापेक्षा तिन्हींची तुलना महत्त्वाची. निळीवर ओएल (म्हणजे मीटरला वाटच सापडत नाही) आलं तर वाट तुटलीय. पिवळी-हिरवीसारखंच आलं तर वाट शाबूत आणि सेन्सर मेला.

ढकलल्यावर का चालते तेही सांगतो, नाहीतर लोक याला जादू समजतात. तीन सेन्सर मिळून चाकाची जागा सहा पायऱ्यांत सांगतात: १०१, १००, ११०, ०१०, ०११, ००१. सेन्सर १२० अंशांच्या अंतराने बसवलेले असतील (बहुतेक हब मोटरमध्ये असतात) तर १११ आणि ००० या दोन स्थिती चांगल्या मोटरमध्ये येतच नाहीत. आता तिसरा आकडा कायम १ धरा. यादी होते १०१, १०१, १११, ०११, ०११, ००१. सहापैकी तीन पायऱ्या बरोबर, दोन खोट्या, एक अशक्य. खोट्या पायरीवर चाक थांबलं असेल तर कंट्रोलर चुकीच्या फेजमध्ये करंट सोडतो. म्हणून थरथर आणि गुरगुर. गती असेल तर चाक या खड्ड्यांवरून वाहून जातं. काही कंट्रोलर ड्युअल मोडचे असतात. ते गती मिळाल्यावर हॉलकडे पाहतच नाहीत, फेजमधून परत येणाऱ्या व्होल्टेजवर चालवतात. तुमची धावताना अगदी गुळगुळीत असेल तर कंट्रोलर त्यातलाच आहे. पण खोट्या पायऱ्यांवर करंट वाया जाऊन उष्णताच तयार होते, म्हणून असं महिनोन्‌महिने ढकलून चालवलं तर शेवटी मॉसफेट उडतात.

एका फेजची वायर सुटली तरी असंच थरथरतं. ती शंका आत्ताच मिटवा: तिन्ही जाड वायरी सोडवा, मीटर एसी व्होल्टवर, चाक जोरात फिरवा, पिवळी-हिरवी, हिरवी-निळी, निळी-पिवळी अशा तिन्ही जोड्या मोजा. एकाच वेगाला तिन्ही सारख्या हव्यात. किंवा मीटरशिवाय: एकेक जोडी एकमेकींना टेकवून चाक फिरवा, तिन्ही वेळा सारखंच जड लागायला हवं.

अर्धीवायर:

फेजच्या तिन्ही जोड्या सारख्या. डायोड मोडमध्ये पिवळी ०.६२, हिरवी ०.६१, निळी ओएल. पण ॲक्सलपाशी वायरीचा जुडगा वाकवला की निळीवर मधूनच ०.६१ येतं आणि जातं!

फेजवाला:

मग सेन्सर जिवंत आहे आणि वायर ॲक्सलच्या तोंडाशी तुटलीय. मोटर नको, कंट्रोलर नको.

इथेच का तुटते? आठही वायरी पोकळ ॲक्सलमधून बाहेर येतात आणि तोंडाशी एकदम वळतात. ॲक्सलचा नट किंचित सैल असेल तर दर वेळी रेस देताना ॲक्सल स्लॉटमध्ये इवलासा फिरतो आणि धार वायरींवर घासते. आधी नट आणि चपटी वॉशर तपासा. वॉशरची जीभ झिजलेली असेल तर ती बदला, नाहीतर नवी वायरही काही महिन्यांत तुटेल. धुण्याने वायर तुटली नसावी. आधीच अर्धी तुटलेली होती, पाण्याच्या माऱ्याने उरलेल्या तारा सरकल्या.

जुडग्यावरची काळी नळी उभी चिरून आतल्या फेज वायरी डोळ्यांनी बघा. फेजचं इन्सुलेशन कापलं जाऊन ती हॉलच्या वायरीला टेकली, तर ५ व्होल्टच्या लाईनवर ६० येतात. मग तिन्ही सेन्सर आणि कंट्रोलरचा ५ व्होल्टचा भाग एकाच फटक्यात जातो. तुमची नुसती निळी तुटली हे नशीबच म्हणा.

दुरुस्ती: बॅटरीचा कपलर काढा. ॲक्सलच्या तोंडापासून ८-१० सेंमीपर्यंत नळी सोलून निळी शोधा, तुटलेली जागा हाताला मऊ लागते. तेवढा तुकडा कापून टाका आणि त्याच जाडीची, बारीक तारांची लवचिक वायर जोडा. पिळून टेप गुंडाळू नका. आधी श्रिंक स्लीव्ह ओवा, मग सोल्डर, मग स्लीव्ह तापवा. बाकीच्या चार बारीक वायरी तिथे ताठ किंवा चिरलेल्या वाटल्या तर आत्ताच बदला, पण प्रत्येकीचा जोड वेगळ्या उंचीवर ठेवा, म्हणजे गाठ एका जागी जमत नाही आणि जोड एकमेकांना टेकत नाहीत. जोड वळणावर नको, सरळ भागात हवा.

तूट ॲक्सलच्या आत असेल तर मात्र मोटर उघडावी लागते. त्यातले मॅग्नेट जबरदस्त ओढतात, बोटं चिमटतात. झाकण सरळ ओढून काढायला पुलर वापरतात. एवढं उघडलंच तर तिन्ही सेन्सर बदलावेत, एकट्याचा हट्ट नको. ४१एफ जातीचे, म्हणजे मॅग्नेटच्या एका ध्रुवाला चालू आणि उलट्या ध्रुवाला बंद होणारे सेन्सर चालतात, नुसते स्विच प्रकारचे चालत नाहीत. जुना सेन्सर छापील बाजू कुठे करून बसलाय याचा फोटो काढूनच उपटा.

परत बसवताना जुडगा ॲक्सलमधून आधी खाली झुकवा, मग वर कंट्रोलरकडे न्या. तळाला जो झोल राहतो तिथून पाणी थेंबाथेंबाने गळतं. हा झोल नसला तर पाणी वायर धरून ॲक्सलमध्ये किंवा कपलरमध्ये उतरतं.

एकओहम:

जाड वायरी सोडवल्याच आहेत तर परत जोडताना त्यांच्या लगकडे (टोकाच्या धातूच्या जोडाकडे) बघा. १००० वॅट भागिले ६० म्हणजे पॅककडून साधारण १७ अँपियर, पण कमी वेगात आणि चढावर फेजमधला करंट याच्याहून बराच जास्त असतो. जोडाचा रेझिस्टन्स नुसता ०.०५ ओहम झाला तरी २० अँपियरला १ व्होल्ट पडतो आणि त्या इवल्या जागेत २० वॅट उष्णता तयार होते, सोल्डरिंग आयर्नइतकी. प्लास्टिक तपकिरी झालेलं किंवा बुलेट (एकात एक घुसणारा गोल लग) सैल सरकणारी दिसली तर ती कापून नवा लग क्रिंप करा. नुसतं घासून पुन्हा घालू नका; स्प्रिंगचा ताण गेलेला असतो, आठवड्यात परत तापेल.

ओल्या कपलरसाठी: केस वाळवायच्या ड्रायरने कोमट हवा, मग कॉन्टॅक्ट क्लीनर, पूर्ण सुकल्यावर डायइलेक्ट्रिक ग्रीसचा हलका हात. हिरवट चढलेल्या पिना पुसून भागत नाही, पिन बदला.

अर्धीवायर:

निळी आणि हिरवी दोन्ही बदलल्या (हिरवीचं इन्सुलेशन पण चिरलेलं होतं). वॉशरची जीभ खरंच झिजलेली निघाली, नवी घातली. डायोड मोडमध्ये तिन्ही ०.६१-०.६२. चालू करण्याआधी त्या पांढऱ्या वायरी जोडायच्या का?

ओहमकार:

नाही. त्या लर्निंग वायरी आहेत. नवा कंट्रोलर किंवा नवी मोटर बसवली, किंवा रंगांचा क्रम हरवला, तरच त्यांचं काम. तीन फेज आणि तीन हॉल यांच्या ३६ जोडण्या होतात, त्यातल्या तीनच चाक नीट पुढे फिरवतात, तीन नीट मागे, बाकी ३० मध्ये गुरगुर आणि गरम. हा शोध हाताने घ्यावा लागू नये म्हणून कंट्रोलर स्वतः शिकतो: चाक अधांतरी, दोन्ही पांढऱ्या जोडून चावी चालू, चाक आपोआप फिरू लागतं. उलटं फिरलं तर पांढऱ्या एकदा सोडून पुन्हा जोडायच्या, दिशा बदलते. सरळ फिरताना सोडल्या की क्रम पक्का. तुम्ही रंगाला रंग जोडलेत, मग शिकलेलं पुसायचं कशाला?

पहिल्यांदा चालू करताना स्टँडवरच, एक हात एमसीबीवर. थ्रॉटलचा कपलर नीट बसलाय ना ते आधी बघा, कारण त्याची काळी वायर सुटली तर सिग्नल ५ कडे चढतो. चांगला कंट्रोलर अशा वेळी मोटर बंद ठेवतो, साधा कंट्रोलर चाक पूर्ण वेगात सोडतो. मग अगदी थोडी रेस द्या, चाक थांबवा, हाताने जरासं फिरवून वेगळ्या जागी आणा, पुन्हा रेस. असं दहा-बारा वेगवेगळ्या जागांवरून करा. आधी सहापैकी तीन पायऱ्या चुकत होत्या, त्यामुळे एकदा उचलली म्हणून विश्वास ठेवू नका. सगळ्या जागांवरून बिनआवाज उचलली की ॲक्सलपाशी जुडगा हलवत पुन्हा एकदा तेच.

अर्धीवायर:

बारा जागांवरून उचलली, जुडगा हलवूनही. नळीवर नवी स्लीव्ह चढवून झोल ठेवलाय. पिवळ्या फेजचा बुलेट तपकिरी होता, तोही कापून नवा क्रिंप केला.